भाऊबंदकी आणि फौजदारी

परभणी जिल्ह्याच्या सेलू तालुक्यात देवगाव फाटा म्हणून एक नाका आहे. जालना-मंठ्याकडून येणारी वाहने जेथे जिंतूर व सेलू यांच्या वाटा धरतात तेथील ही वस्ती. मराठवाड्यात असे फाटे शेकड्यांनी मोजता येतील. एके काळी अशा ठिकाणी चहाची एक टपरी, पंक्चर काढणाऱ्याचे एक छप्पर आणि मोटारीची वाट पाहात बसलेली चार माणसे एवढाच संसार असे. आज तेथे खत-बियाण्यांची दुकाने आहेत, कापूस-सोयाबीनचे खरेदीदार आहेत, आणि ज्या जमिनीचा हिशेब आजे-पणजे एकरांत करीत तिचा हिशेब नातू गुंठ्यांत करू लागले आहेत. रस्त्याला लागून असलेल्या दहा गुंठ्यांना मागील दहा एकरांहून अधिक मोल आले, म्हणजे भावाभावांच्या मनात काय उलथापालथ होते, हे आमच्या वाचकांपैकी बहुतेकांना स्वतःच्या किंवा शेजाऱ्याच्या घरावरून ठाऊक असेल. आम्हांस आज त्या लोभाविषयी लिहावयाचे नाही. लोभ पुरातन आहे. महाभारत त्यावरच उभे आहे. आम्हांस लिहावयाचे आहे ते त्या लोभाने अलीकडे जो रस्ता धरला आहे त्याविषयी. वाटणीचा तंटा मिटविण्यास दिवाणी न्यायाधीशाकडे जाण्याऐवजी लोक पोलीस ठाण्याच्या पायऱ्या चढू लागले आहेत.

प्रकार कसा घडतो तो पाहा. बाप वारला. सातबाऱ्यावर थोरल्याचे नाव पुढे आले, कारण तोच तलाठ्याकडे जाणारा, तोच सोसायटीचे कर्ज काढणारा. धाकटे दोघे आपापले तुकडे तोंडी वाटणीने कसून खात होते. पुढे रस्त्याकडेच्या तुकड्याला गिऱ्हाईक आले, थोरल्याने खरेदीखत करून दिले, आणि धाकट्यांना ते मोजणीचे दगड रोवले गेले तेव्हा कळले. आता या धाकट्यांची तक्रार खरी आहे, यात संशय नाही. परंतु ती तक्रार काय आहे? "आमचा हिस्सा थोरल्याला विकता येत नव्हता, तो आम्हांस मिळावा" ही. ही शुद्ध दिवाणी तक्रार झाली. परंतु फाट्यावर कोणीतरी जाणता भेटतो, आणि तो सांगतो की, दिवाणीत केस पांढरे होतील. चारसोवीस लाव, आठ दिवसांत भाऊ पाया पडत येईल. मग जो कागद दिवाणी दाव्याचा अर्ज म्हणून लिहावयाचा, तोच "फसवणूक", "विश्वासघात", "बनावट दस्तऐवज" हे शब्द घालून फिर्याद म्हणून लिहिला जातो. थोरलाही स्वस्थ बसत नाही. धाकट्याने वादातल्या शेतातील तूर कापून नेली, की चोरीची फिर्याद. बांधावर आला, की अतिक्रमणाची. आणि बांधावर दोन काठ्या उडाल्या, की दोन्हीकडून परस्परविरोधी गुन्हे. घरातील स्त्रीला पुढे करून तिच्या तोंडी न घडलेला प्रसंग घालणारेही महाभाग आहेत. त्याने ज्या स्त्रीवर खराच प्रसंग ओढवतो तिच्या शब्दाचे वजन कमी होते, हे त्यांना कोण सांगणार?

चारसोवीस हा आकडा आता कायद्यातून गेला, परंतु लोकांच्या जिभेवरून गेलेला नाही. १८६० ची दंडसंहिता १ जुलै २०२४ पासून बाजूला सरून तिची जागा भारतीय न्याय संहितेने घेतली. फसवणुकीचे कलम आता ३१८, विश्वासघाताचे ३१६, चोरीचे ३०३, आगळिकीचे ३२९, आणि खोट्या दस्तऐवजांची कलमे ३३६ पासून पुढे आहेत. आकडे बदलले, तत्त्व बदलले नाही. फसवणूक होण्यास आरंभापासूनच फसविण्याचा हेतू हवा आणि ज्याला फसविले त्याच्याकडून त्या फसवणुकीच्या जोरावर काही काढून घेतलेले हवे. विश्वासघात होण्यास माल दुसऱ्याचा व तो विश्वासाने सोपविलेला असावा लागतो. समाईक मालकीच्या बाबतीत ही सोपवणूक सिद्ध करणे किती कठीण, याचा दाखला महाराष्ट्रातूनच सर्वोच्च न्यायालयापुढे गेलेल्या एका भागीदारीच्या खटल्यात आहे: भागीदाराने पेढीची येणी वसूल करून हिशेबात न दाखविली तरी, खास कराराने ती त्याच्यावर सोपविलेली नसतील तर, तो फौजदारी विश्वासघात होत नाही, असे ठरले. आमच्या व्यापारी वाचकांनी हे लक्षात ठेवण्याजोगे आहे. चोरीचेही तसेच. पीक उभे असेपर्यंत ते जमिनीचाच भाग असते. कापल्यावर ते जंगम होते व चोरीचा विषय होऊ शकते. परंतु कापणारा जर "हे माझे आहे" अशा प्रामाणिक समजुतीने व उघड्यावर कापीत असेल, तर ती समजूत पुढे चुकीची ठरली तरी तो चोर ठरत नाही. समाईक सातबारा असलेल्या भावांमध्ये अशी समजूत असणे हाच तर नियम, अपवाद नव्हे.

राहिला खोट्या दस्तऐवजाचा आरोप, जो अशा फिर्यादीत हमखास असतो. याविषयी बिहारमधून आलेल्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००९ साली जो खुलासा केला तो प्रत्येक दस्तलेखकाने भिंतीवर लावावा. एखाद्याने जमीन आपली म्हणून विकली आणि ती त्याची नव्हती, तर तो खोटे बोलला असे फार तर म्हणता येईल. परंतु खरेदीखत बनावट झाले असे म्हणता येत नाही, कारण त्यावर ज्याची सही आहे त्यानेच ती केली. बनावट दस्तऐवज तो, की ज्यात कोणी दुसऱ्याचे सोंग घेतो अथवा दुसऱ्याने अधिकार दिल्याचा खोटा बहाणा करतो. आणि अशा खरेदीने फसला असेल तर पैसे देणारा खरेदीदार फसला. जमिनीच्या मूळ मालकाने त्या कलमाखाली फिर्यादी होण्याचे कारण नाही. त्याला दिवाणीत दाद आहे. म्हणजे आमच्या उदाहरणातील धाकट्या भावांची तीनही कलमे येथे ढासळतात. मात्र ती ढासळेपर्यंत अटकपूर्व जामिनाची धावपळ, वकिलांची फी, नोकरीत असलेल्या मुलाच्या चारित्र्य-पडताळणीत येणारी अडचण आणि गावात झालेली बेअब्रू हे सर्व भोगून झालेले असते. फिर्यादीला हवे होते तेही नेमके हेच असते.

येथे आम्हांस महाराष्ट्राच्या इतिहासातील एका प्रकरणाची आठवण वाचकांस करून द्यावयाची आहे. ते घडले मोठ्या घरात, आणि त्यात आरोपीच्या पिंजऱ्यात उभे राहिले होते स्वतः लोकमान्य टिळक. परंतु त्याचा सांगाडा देवगाव फाट्यावरील कोणत्याही कज्ज्यासारखाच आहे; आणि योगायोग असा की, त्यातील मुख्य प्रसंग मराठवाड्यातच, औरंगाबादेस घडला.

पुण्याचे सरदार बाबामहाराज पंडित हे टिळकांचे स्नेही. ७ ऑगस्ट १८९७ रोजी ते वारले. मरतेवेळी केलेल्या मृत्युपत्रात त्यांनी इस्टेटीचे विश्वस्त नेमले, त्यांत टिळक आणि अमरावतीचे दादासाहेब खापर्डे होते. मागे राहिली तरुण पत्नी ताईमहाराज. तिला १८९८ च्या आरंभी मुलगा झाला, तो थोड्याच आठवड्यांत गेला; तेव्हा मृत्युपत्राप्रमाणे विश्वस्तांच्या संमतीने दत्तक घेण्याचा प्रश्न उभा राहिला. बऱ्याच शोधानंतर त्याच घराण्याच्या औरंगाबाद भागातील शाखेतला जगन्नाथ हा मुलगा पसंत करण्यात आला आणि २८ जून १९०१ रोजी औरंगाबादेस दत्तविधान झाले. मंडळी पुण्यास परतली, आणि ताईमहाराजांचे मन फिरले. किंवा, अधिक खरे बोलावयाचे तर, ते फिरविण्यास टपलेली माणसे भोवती होती. ऑगस्टमध्ये त्यांनी कोल्हापूरच्या शाखेतील बाळामहाराज यास दत्तक घेतले. औरंगाबादचा दत्तकविधी झालाच नाही, असे त्या म्हणू लागल्या, आणि विश्वस्तांचे प्रोबेट रद्द व्हावे म्हणून पुण्याच्या जिल्हा न्यायाधीशाकडे अर्ज झाला.

प्रश्न साधा होता: जगन्नाथ दत्तक झाला की नाही, आणि विश्वस्तांचा अधिकार उरला की संपला? दोन्ही प्रश्न दिवाणी. परंतु न्यायाधीश ॲस्टन यांनी ३ एप्रिल १९०२ रोजी प्रोबेट तर रद्द केलेच, शिवाय खोटी साक्ष, बनावट पुरावा, खोटा दस्तऐवज वगैरे सात आरोप ठेवून टिळकांना फौजदारी न्यायालयाकडे पाठविले. प्रोबेट रद्द करण्याचा हुकूम पुढे हायकोर्टाने फिरविला. म्हणजे ज्या भिंतीवर फौजदारीचे छप्पर टाकले होते ती भिंतच पडली. तरी छप्पर अधांतरी उभे राहिले. सरकारने खास मॅजिस्ट्रेट नेमला, खटला महिनोन्महिने चालला, आणि २४ ऑगस्ट १९०३ रोजी क्लेमंट्स साहेबांनी दीड वर्षाची सक्तमजुरी व हजार रुपये दंड ठोठावला. सेशन्स जज्ज ल्युकस यांनी ४ जानेवारी १९०४ रोजी ती सहा महिन्यांवर आणली. टिळकांची येरवड्यास रवानगी झाली व पुढे जामिनावर सुटका झाली. अखेर ४ मार्च १९०४ रोजी मुख्य न्यायमूर्ती सर लॉरेन्स जेंकिन्स व न्या. बॅटी यांनी शिक्षा रद्द करून त्यांना निर्दोष सोडले. एका विधवेच्या दत्तकाच्या कज्ज्यात सरकारने एवढा रस घ्यावा यातील इंगित त्या काळच्या महाराष्ट्राला समजावून सांगण्याची गरज नव्हती. राज्यकर्त्यांना राजकीय शत्रू हवा होता, भाऊबंदकीने तो त्यांच्या हाती आयता दिला.

परंतु आमचा मुद्दा पुढेच आहे. जवळजवळ दोन वर्षे फौजदारी चालली, एका देशनेत्याचा पिंजऱ्यात छळ झाला. त्यातून इस्टेट कोणाची हे ठरले काय? मुळीच नाही. त्यासाठी दिवाणी दावा स्वतंत्र चालवावाच लागला. १९०६ साली पुण्याच्या पहिल्या वर्गाच्या सबजज्जाने जगन्नाथाचे दत्तविधान खरे ठरविले. १९१० साली टिळक मंडालेच्या तुरुंगात असताना मुंबई हायकोर्टाने तो निकाल उलटा फिरविला, आणि त्यात टिळक, खापर्डे व इतर प्रतिष्ठित साक्षीदार यांना खोटे ठरविले. मग प्रकरण विलायतेस प्रिव्ही कौन्सिलापुढे गेले. २६ मार्च १९१५ रोजी लॉर्ड शॉ यांनी निकाल वाचला: औरंगाबादचे दत्तविधान खरे. साक्षीदार पिंजऱ्यात असताना त्याच्या तोंडावर प्रश्न घालून खुलाशाची संधी न देता मागाहून त्याला खोटा ठरविणे योग्य नव्हे, हेही त्यात बजावले गेले. हा निकाल आजही आपल्या न्यायालयांत उलटतपासणीच्या तत्त्वासाठी दाखविला जातो. बाबामहाराजांच्या मृत्यूपासून या निकालापर्यंत अठरा वर्षे गेली.

ताईमहाराजांविषयी दोन शब्द लिहिल्यावाचून हे सोडवत नाही. त्या काळच्या लेखनात त्यांच्यावर कठोर टीका आढळते. परंतु विशीतील विधवा, नवऱ्याची इस्टेट दुसऱ्यांच्या हाती, स्वतःचा हक्क म्हणजे पोटगी, आणि दत्तक कोणता घ्यावा हेही पाच पुरुषांच्या संमतीने ठरावयाचे. अशा स्त्रीला जो कोणी "तुमची फसवणूक झाली" असे सांगेल तो जवळचा वाटणारच. हिंदू विधवेला नवऱ्याच्या मिळकतीत हिस्सा देणारा कायदा १९३७ साली झाला, आणि तिच्या ताब्यातील मिळकतीवर तिची पूर्ण मालकी १९५६ च्या वारसा कायद्याने मान्य केली. हे हक्क १९०१ साली असते तर औरंगाबादचा प्रवासच घडला नसता, असे आम्हांस वाटते. हक्क अंधुक ठेवला की भांडण फौजदारीकडे सरकते. याचे प्रत्यंतर आजही येते.

आज ते कोठे येते? बहिणींच्या बाबतीत. महाराष्ट्राने १९९४ साली, आणि साऱ्या देशाने २००५ साली मुलीला वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतका जन्मसिद्ध हिस्सा दिला. ९ सप्टेंबर २००५ रोजी बाप हयात नसला तरी तो हक्क बुडत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० रोजी निःसंदिग्ध केले. परंतु तलाठ्याच्या दप्तरात वारसा फेर नोंदविताना बहिणींची नावे गळतात. त्या "माहेर तुटेल" या भीतीने हक्कसोडपत्रावर सह्या करतात, आणि कित्येक ठिकाणी त्यांनी सह्या केल्याच नसताना अंगठे उमटलेले आढळतात. येथे मात्र आम्ही आपला सूर बदलतो. जिवंत बहिणीच्या ठिकाणी दुसरीच बाई दुय्यम निबंधकापुढे उभी करणे, मेलेल्या बापाचा अंगठा मृत्युपत्रावर घेणे, वारसाच्या शपथपत्रात बहीण नाहीच असे लिहून देणे हे गुन्हे आहेत. घरातले आहेत म्हणून ते लहान होत नाहीत. उलट घरातल्याने केले म्हणून मोठेच होतात. अशा ठिकाणी पोलिसांनी "हा तुमचा घरगुती मामला, कोर्टात जा" असे म्हणून बाईला परत पाठविणे हा फौजदारीच्या दुरुपयोगाइतकाच मोठा अन्याय होय. २००५ साली सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी एका मृत्युपत्राच्या घरगुती कज्ज्यातच ठरविले की, दस्तऐवज न्यायालयात दाखल होण्यापूर्वीच बनावट केलेला असेल तर त्याविषयी खाजगी व्यक्तीला फिर्याद देता येते. दिवाणी न्यायालयाने स्वतः तक्रार करण्याची वाट पाहावी लागत नाही. तेव्हा आमचे म्हणणे घरच्या भांडणात फौजदारी कधीच नको, असे कोणी समजू नये. आमचे म्हणणे एवढेच की, ज्याने अंगठा चोरला तो चोर आणि ज्याने आपल्या समजुतीने जास्त हिस्सा घेतला तो केवळ प्रतिवादी. या दोघांत फरक करावा, आणि तो फिर्याद नोंदविण्याच्या मेजावरच करावा.

तो फरक करण्यास कायदा वाव देतो काय? देतो, पण अपुरा. ललिताकुमारीच्या खटल्यात २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने दखलपात्र गुन्ह्याची फिर्याद नोंदविणे बंधनकारक ठरविले. मात्र कौटुंबिक तंटे, व्यापारी व्यवहार अशा काही वर्गांत आधी प्राथमिक चौकशी करण्यास मोकळीक ठेविली. नव्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ मध्ये आता चौदा दिवसांच्या प्राथमिक चौकशीची तरतूदच आहे. परंतु ती आहे तीन वर्षे वा अधिक, पण सात वर्षांहून कमी शिक्षेच्या गुन्ह्यांसाठी. फसवणूक करून मालमत्ता लाटण्याच्या कलमाची शिक्षा सात वर्षांपर्यंत. फसविण्यासाठी दस्तऐवज बनावट केल्याची तितकीच. खरेदीखत किंवा मृत्युपत्र बनावट केल्याची त्याहूनही जबर. म्हणजे घरच्या कज्ज्यात ज्या कलमांचा सर्वांत अधिक दुरुपयोग होतो, नेमकी तीच या कलमाच्या उंबरठ्याबाहेर राहिली! ठाणे अंमलदाराला मग २०१३ च्या निकालाचाच आधार घ्यावा लागतो, आणि तो घेण्याइतकी सवड व धीटपणा किती ठाण्यांत असतो हा प्रश्नच आहे. सरकारने स्पष्ट आदेश काढून, समाईक मिळकतीच्या वारसांमधील फिर्यादीत सातबारा, फेरफार आणि नोंदलेला दस्त पाहिल्यावाचून अटक होऊ नये, असे बजावले पाहिजे.

पोलीसही या खेळात नेहमी निर्दोष असतात असे नाही. दिवाणी मामला फौजदारीच्या साच्यात बसविला की ठाण्याचे महत्त्व वाढते, आणि महत्त्वाबरोबर आणखी काय काय वाढते ते वाचक जाणतातच. उत्तर प्रदेशातील प्रकरणांत एप्रिल २०२५ मध्ये तत्कालीन सरन्यायाधीश संजीव खन्ना यांनी दिवाणी वाद फौजदारी करण्याच्या तेथील प्रघातावर, ही तर कायद्याच्या राज्याची मोडतोडच आहे, अशा आशयाचे ताशेरे झोडले. महाराष्ट्राने ते वाचून मिशीवर ताव देऊ नये. आमच्या जिल्हा कोर्टांच्या आवारात एक दिवस उभे राहिल्यास त्या ताशेऱ्यांचा अर्थ मराठीतही समजेल.

परंतु सगळा दोष लोकांच्या दुष्टबुद्धीवर टाकून मोकळे होणे आम्हांस प्रामाणिकपणाचे वाटत नाही. शेतकरी ठाण्यात जातो, कारण दिवाणी न्यायालय त्याला वेळेवर दिसत नाही. वाटणीच्या दाव्यात आधी हिस्से ठरविणारा हुकूमनामा, त्यावर अपील, त्यावर दुसरे अपील, आणि ते सर्व उरकल्यावर शेतजमिनीची प्रत्यक्ष वाटणी दिवाणी कायद्याच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्याकडे. तेथे मोजणीदार केव्हा येईल, पाऊस केव्हा थांबेल, आणि एखादा हिस्सेदार मधेच वारला तर त्याचे वारस केव्हा दाखल होतील, याला मिती नाही. मराठवाड्यात आणखी एक गुंता आहे. निजामी राजवट सप्टेंबर १९४८ मध्ये संपली. जमिनीचा कागदोपत्री पाया बहुतेक ठिकाणी १९५४-५५ च्या खासरा पाहणीवर टेकलेला. त्यापूर्वीचा कागद उर्दूत, आणि तो वाचणारा माणूस आता शोधावा लागतो. अशा स्थितीत "दिवाणीत केस पांढरे होतील" हे फाट्यावरचे वाक्य निव्वळ थट्टा नव्हे, तो अनुभव आहे. न्यायाधीशांची रिकामी पदे भरणे, मोजणीची कामे मुदतीत उरकणे, जुने दप्तर भाषांतरित करून सहज मिळेल असे करणे हे केल्याशिवाय पोलिसांना नुसती शहाणपणाची परिपत्रके पाठविणे म्हणजे पूर आलेल्या नदीला बांधावरून दटावणे होय.

तरीही, जे उपाय आज हाताशी आहेत तेही लोकांना माहीत नाहीत, आणि माहीत असलेले वकील ते नेहमी सांगत नाहीत. आम्ही स्वतः त्याच व्यवसायातले असल्याने हे लिहिण्याचा अधिकार घेतो. कोणी बळजबरीने ताबा घेतला तर सहा महिन्यांच्या आत विशिष्ट दाद अधिनियम, १९६३ च्या कलम ६ खाली दावा लावावा. त्यात मालकी कोणाची हा प्रश्नच निघत नाही, ताबा होता व कायद्याबाहेर हिसकावला एवढेच पाहतात. मारामारीची भीती असेल तर कलम १६४ खाली (जुने १४५) कार्यकारी दंडाधिकाऱ्याकडे जावे. तो हक्काचा निवाडा करीत नाही, पण ताबा कोणाचा ते ठरवून डोकी शाबूत ठेवतो. विक्रीची कुणकुण लागताच वाटणीच्या दाव्यात मनाईहुकूम मागावा. दावा चालू असताना घेणारा निकालाला बांधलेला असतो, हे कळल्यावर निम्मी गिऱ्हाइके आपण होऊन पळतात. भाऊ राजी असतील तर जमीन महसूल संहितेच्या कलम ८५ प्रमाणे तहसिलदाराकडे खातेफोड करून घ्यावी. शेतजमिनीच्या वाटणीपत्रावरील नोंदणी फी माफ करण्याचा निर्णय राज्य मंत्रिमंडळाने मे २०२५ मध्ये घेतला. तेव्हा "तोंडीच ठेवू, खर्च वाचेल" ही सबबही गेली. एकाची जमीन दुसऱ्याच्या व दुसऱ्याची पहिल्याच्या ताब्यात बारा वर्षे असेल, तर २०२३ साली सुरू झालेल्या सलोखा योजनेत हजार रुपये मुद्रांक व हजार रुपये नोंदणी फी भरून अदलाबदल करता आली. लोकअदालतीत मिटविले तर कोर्ट फी परत मिळते, आणि त्या निवाड्यावर अपील नाही. स्त्रियांना वकील सरकारी खर्चाने मिळतो, मग त्यांची मिळकत कितीही असो. एवढे असताना आमच्या व्यवसायबंधूंपैकी काहीजण पक्षकाराला पहिल्याच भेटीत ठाण्याचा रस्ता दाखवितात, याचे कारण अज्ञान नव्हे. फौजदारीत फी ताबडतोब मिळते.

आणखी एक गोष्ट, जी फिर्याद लिहिण्यापूर्वी कोणीच सांगत नाही. भाऊ पुढे-मागे समेट करतात. आई आजारी पडते, भाचीचे लग्न निघते, गावातील चार वडीलधारी माणसे मध्ये पडतात, आणि एक दिवस थोरला व धाकटा वाटणीपत्रावर सह्या करतात. दिवाणी दावा असेल तर तडजोडनामा दाखल केला की तो संपतो. फौजदारीत तसे नाही. फसवणूक, विश्वासघात, आगळीक हे गुन्हे आपसांत मिटविता येतात, त्यांतील पहिले दोन न्यायालयाच्या परवानगीने. परंतु दस्तऐवज बनावट केल्याचा आरोप एकदा लावला की तो मिटविण्याचा अधिकार फिर्यादीलाही राहात नाही. खटला सरकारचा होतो. तो मागे घ्यावयाचा तर हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठाकडे कलम ५२८ खाली अर्ज करून, ग्यानसिंगाच्या २०१२ च्या निकालाचा आधार दाखवून, तो मुळात घरगुती मिळकतीचा वाद होता व आता मिटला आहे, हे पटवावे लागते. तोपर्यंत एकाच ताटात जेवू लागलेले दोन भाऊ तारखेच्या दिवशी सकाळी एकाच मोटारीने फाट्यावरून निघतात. एक आरोपी म्हणून आणि दुसरा साक्षीदार म्हणून.